पहिल्या डिव्हिजनचा जनरल

इंग्लंडमध्ये वॉटफर्डला डॉक्टरांकडे नंबराची वाट पाहत होतो. मागच्या खुर्च्यांवर एक वयस्कर मराठी जोडपं बसलं होतं.

"अमेरिकेची पहिली इन्फंट्री डिव्हिजन. १९४३, सिसिली. लढाई जिंकत आणली, आणि जनरललाच काढलं! का, तर म्हणे सैनिकांचे फार लाड करतो."

"अहो, बीपी मोजायला आलोय ना आपण? जरा शांत बसा."

"सैनिक जीव टाकायचे त्याच्यावर, मधुमती."

"गणपती झाल्यापासून हेच ऐकतेय. तुम्हाला मंडळाच्या अध्यक्षपदावरून काढलं ते लाडांसाठी नाही. नैवेद्य दाखवायच्या आधी तुम्ही व्हॉलंटियर्सना मोदक वाटलेत!"

"सकाळी सहापासून उपाशीपोटी खुर्च्या लावत होती पोरं!"

"मग सँडविच द्यायचं होतं."

"त्या जनरलला दोन-तीन महिन्यांत दुसरी डिव्हिजन दिली, माहितेय?"

"तुम्हालाही दिलीय. काल नव्या अध्यक्षांचा फोन आला होता. दिवाळीच्या कार्यक्रमाला पार्किंग तुमच्याकडे."

"पार्किंग? मला?"

"नाही म्हणून कळवू का?"



"हाताखाली माणसं किती देतोय?"