जेरीकॅनच्या जागी गेलेली पेटी

सई, नील, आपल्या वाडीत आंब्याच्या पेट्या भरणारे हसुरामकाका तुम्हाला आठवत असतील. निवृत्त होण्यापूर्वी ते सैन्याच्या पुरवठा विभागात होते. या मे महिन्यात चार दुपारी ओटीवर बसून त्यांनी सांगितलं आणि मी, तुमच्या आजीनं, लिहून घेतलं. वाक्यं त्यांचीच आहेत. मी परिच्छेद पाडले, आणि त्यांचं हाय-न्हाय होतं तिथे राहू दिलं.

लिहा वयनी. माझं गाव पोरांना सांगायला हवं, रेवसच्या धक्क्यावर लाँचमधून उतरलं की पायी अर्धा तास, एका अंगाला खाडी, मधे आमची भाताची खाचरं, आणि खाडीपलीकडं मिठागरं, उन्हाळ्यात तिथं मिठाचे ढीग लागायचे पांढरेशुभ्र, दुपारी डोळे किलकिले करून बघितलं तर ते ढीग हलतायत असं वाटायचं, पाण्यावरून चालत आपल्याकडं येतायत असं. तेच बघत मी मोठा झालो. बर्फ म्हणजे धक्क्यावर मासळीवर फोडून टाकतात तेवढाच ठाऊक.

पावसाळ्यात आमची शेती, आणि आंब्याच्या दिवसांत बा तुमच्या वाडीत पेट्या भरायला. पेटी भरणं म्हणजे काय ते लोकांना कळत न्हाय, त्यांना वाटतं आंबे आत टाकायचे आणि झाकण ठोकायचं. खाली भाताचा पेंढा, मग एक थर, मग पुन्हा पेंढा, एका आंब्याचा देठ दुसऱ्याच्या अंगाला लागता कामा न्हाय, न्हायतर चिकानं डाग पडतो. बा सांगायचा, हिरवा आंबा पेंढ्यात झोपतो रं, त्याला झोपू द्यायचं, जागा होईल तेव्हा पिवळा होऊनच उठंल. मला ते खरंच वाटायचं. मी पेट्यांच्या बाजूला हळू बोलायचो, आतले आंबे उठतील म्हणून.

तर पुढं भरती झालो, आणि पडलो पुरवठ्यात. आईनं विचारलं, बंदूक देतील का रं? म्हटलं, देतील, पण माझं काम सामान बांधायचं. मग बरं हाय की, म्हणाली, ते तर तू इथंबी करतोस, त्यासाठी एवढं लांब कशाला जायचं? तिचं खरंच होतं वयनी. जन्मभर मी बांधलंच. लोक लढाईच्या गोष्टी विचारतात, मी सांगतो, पीठ, साखर, बॅटऱ्या, मोजे, टपाल आणि रॉकेल, ही माझी लढाई. वरच्याला जे लागतं ते खालून कुणीतरी बांधून पाठवायला लागतं.

शेवटची काही वर्षं उत्तरेला, बर्फाच्या डोंगराखालच्या एका छावणीत होतो. तिथून हेलिकॉप्टरनं सामान वरच्या चौक्यांवर जायचं. वर हवा विरळ, पंख्याला धरायला काही मिळत न्हाय, म्हणून हेलिकॉप्टर थोडंच वजन उचलायचं. एवढं म्हणजे एवढंच, त्यात एक किलो वाढवला तर पायलट साहेब उड्डाण करणार न्हाय. वजनाचा काटा माझ्या ताब्यात. मी वजन करायचं, बांधायचं, चढवायचं. वर हेलिकॉप्टर उतरलं तरी पंखा बंद करत न्हाईत, अर्ध्या मिनिटात पोरांनी सामान ओढून घ्यायचं की ते परत निघालं. बाकीचे मला चिडवायचे, हा दर्यावरचा माणूस इथं काय करतोय, याच्याकडं बर्फ फक्त मेलेल्या मासळीला घालतात. मी म्हणायचो, तुमचा वास मासळीपेक्षा वेगळा न्हाय, म्हणून तर तुम्हाला बर्फात ठेवलंय.

पण काय सांगू तुम्हाला, पहिल्यांदा तो डोंगर सकाळच्या उन्हात बघितला आणि मी मिठागरावर आलो. तेच ढीग, तसेच हलत होते. रोज सकाळी मला खाडीचा खारा वास यायचा, तिथं, जिथं नाकाला काहीच वास येत न्हाय. आणि आता इथं दुपारी जरा डोळा लागला की रेवसच्या लाँचचा आवाज येतो आणि मला वाटतं हेलिकॉप्टर आलं, उठून मी काटा शोधायला लागतो. कुठलं कुठं हाय ते आता माझं मलाच नीट कळत न्हाय वयनी, दोन्ही गावं एकमेकांत मिसळून गेली.

बलवंत मला तिथंच भेटला. डोंगराकडचाच, देवदारांच्या गावचा. चौकीवर चढवायच्या आधी माणसाला खाली छावणीत काही दिवस ठेवतात, विरळ हवेची सवय व्हायला. त्या दिवसांत तो माझ्या काट्याशेजारी येऊन बसायचा. त्यानं समुद्र बघितला नव्हता. मला विचारायचा, पाणी रोज येतं आणि रोज जातं, मग तुम्हाला कळतं कसं आपलं गाव किती मोठं हाय? मी हसून लोळायचो. मग तो वर गेला. सहा माणसांची चौकी होती ती.

आता पेटीचं सांगतो. तुमच्या घरची रीत तुम्हाला ठाऊकच हाय, हंगामाची पहिली पेटी घरात फोडायची न्हाय, जो लांब असेल त्याला पाठवायची. त्या वर्षी वाडीचे मालक अण्णा, त्यांनी ती मला पाठवली. रेल्वेनं, मग मिलिटरीच्या ट्रकनं, दहा-बारा दिवसांनी माझ्या हातात आली. उघडली तर पेंढ्याचा वास. आमच्या खाचरातला पेंढा वयनी, बानं भरलेली पेटी, मी त्याचा हात ओळखला, थराला थर. वाटेतल्या थंडीनं आंबे अजून सगळे हिरवेगार. मी म्हटलं, चांगलं हाय, अजून झोपलेत.

आणि माझ्या डोक्यात आलं की पहिली पेटी लांबच्याची. माझ्यापेक्षा लांब कोण? बलवंत.

त्या दिवशी त्याच्या चौकीचं सामान आधीच काट्यावरून उतरलं होतं, वजन भरलेलं, त्यात रॉकेलचे चार जेरीकॅन. मी पेटी काट्यावर ठेवली. एका जेरीकॅनएवढी भरली, जवळजवळ तेवढीच. आता पोरांना सांगा, रॉकेल म्हणजे तिथं काय. तिथं सगळीकडं बर्फ आणि प्यायला थेंब न्हाय. बर्फ वितळवायचं तर शेगडी, शेगडीला रॉकेल. रॉकेल म्हणजे पाणी, रॉकेल म्हणजे ऊब. हे मला ठाऊक होतं. छावणीत माझ्याइतकं कुणालाच ठाऊक नव्हतं. पण आभाळ काचेसारखं स्वच्छ होतं, हवामानवाला म्हणाला, परवा पुन्हा उड्डाण हाय. मी म्हटलं, चौथा जेरीकॅन परवा जाईल. तो खाली ठेवला, पेटी चढवली. साहेबानं विचारलं, यह क्या है? मी म्हटलं, ताजा माल, साहेब. तो हसला आणि उडाला.

परवा आलाच न्हाय. दुसऱ्या दिवशी दुपारी ढग उतरले, असे उतरले की मला माझा काटा दिसेना. एक दिवस, दोन दिवस, चार दिवस. मी रोज सकाळी त्या जेरीकॅनजवळ जाऊन उभा राहायचो, त्याच्यावर हात ठेवायचो. नवव्या दिवशी आभाळ उघडलं, आणि पहिल्या फेरीत तो जेरीकॅन वर गेला, आणि त्याच फेरीत बलवंत खाली आला.

उजव्या हाताला पट्टी होती. वरचं रॉकेल संपत आलं होतं, आणि विमानातून टाकलेला एक जुना कॅन बर्फात कुठंतरी रुतला होता तो शोधायला तो गेला, खणताना हातमोजा फाटला. करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट, दोन्ही पुढं काढायला लागली. पण वयनी, तो उतरला आणि थेट माझ्याकडं आला. माझ्या गळ्यात पडला. म्हणाला, हसुराम, ती पेटी तूच पाठवलीस ना, तुझ्याशिवाय कोण पाठवणार. म्हणाला, दगडासारखे होते तुझे आंबे, थंडीत पिकतच नव्हते, मग आम्ही सहाजण ते आमच्या स्लीपिंग बॅगमध्ये घेऊन झोपलो, दोन पोटाशी, दोन काखेत. आठव्या दिवशी एक पिकला. काय वास सुटला, म्हणाला, बर्फाच्या त्या बिळात, आम्ही कापलाच न्हाय किती वेळ, नुसता फिरवत बसलो एकाच्या नाकापासून दुसऱ्याच्या. त्या वासावर आम्ही दिवस काढला.

त्याचा पट्टीचा हात माझ्या पाठीवर होता. जेरीकॅनचं त्याला ठाऊक नव्हतं, खाली कुणालाच ठाऊक नव्हतं.

पुढं निवृत्त झालो, न्हावा शेवाला एका गोदामात काही वर्षं काढली, मग बा गेल्यावर त्याच्या जागी तुमच्या वाडीत आलो. दर दिवाळीला बलवंतचा फोन. दर दिवाळीला आंब्यांचं निघायचं, आणि तो हसला की मला त्या चौथ्या जेरीकॅनचा थंड पत्रा तळहाताला लागायचा. आमची ही म्हणायची, फोन ठेवल्यावर तुम्ही हात का पुसता?

आता या वर्षी त्याच्या मुलाची नोकरी लागली न्हावा शेवाला, कंटेनरच्या कामावर. बलवंत त्याच्याकडं आला आणि म्हणाला, तुझा समुद्र बघायला येतो. भाऊच्या धक्क्यावरून लाँचनं आला. मी रेवसला उभा. लाँच लागली तेव्हा मला पहिला त्याचा हात दिसला, कठड्याला धरलेला, तीन बोटं. पुढं येऊन पाण्याकडं बघत म्हणाला, अरे हसुराम, ये तो सचमुच जा रहा है. ओहोटी लागली होती.

त्याला वाडीत आणला, पेट्या भरायच्या शेडमध्ये. रिकाम्या पेटीवर बसवला. हातात पिकलेला आंबा दिला. तो डोळे मिटून वास घेत बसला, आणि पुन्हा तेच सुरू केलं, दोन पोटाशी, दोन काखेत. मी म्हटलं, बलवंत, ती पेटी मी एक जेरीकॅन उतरवून चढवली होती.

त्यानं डोळे उघडले. म्हटलं, रॉकेलचा. चार होते, मी तीन पाठवले.

आंबा त्यानं हळूच पेंढ्यात ठेवला, लागू नये असा, आणि उठून बांधाकडं गेला. मी त्याच्यामागं गेलो न्हाय. कुठल्या तोंडानं जाणार? मी पेटी भरत राहिलो, पेंढा, आंबे, पेंढा, हातांना दुसरं काही येतच न्हाय. तो तिथं खाडीकडं तोंड करून उभा, पलीकडं मिठाचे ढीग, आणि मला वाटलं, हा आता वर चौकीवरच उभा हाय आणि मी खाली काट्यापाशी, आणि मधे ढग.

पाणी चढायला लागलं तेव्हा तो परत आला. उभ्यानंच म्हणाला, वायरलेस था ना? म्हटलं, होता. म्हणाला, मग विचारलं का न्हाय? रॉकेल पाठवू की आंबे, एवढंच विचारायचं होतंस. तो म्हणाला, आम्ही सहाजण होतो, पाचजण रॉकेल म्हणाले असते. तो खरंच विचार करत होता. आणि सहावा मी, म्हणाला, मी पण रॉकेलच म्हणालो असतो. लेकिन पूछता तो सही.

माफ केलं असं तो बोलला न्हाय वयनी, आणि मी मागितलंही न्हाय. मी भरत होतो ती पेटी त्यानं त्या तीन बोटांच्या हातानं उचलली, वर-खाली करून बघितली, म्हणाला, इसका वजन तो जेरीकॅन जितनाही है. आणि ती घेऊन लाँचवर चढला. मी द्यायच्या आधी. मी धक्क्यावर उभा राहिलो, लाँच लहान होत गेली, त्या आवाजात मी पहिल्यांदाच काटा शोधला न्हाय.

परवा त्याचा फोन आला. आंबे उठले म्हणाला, सगळ्या बिल्डिंगीत वास सुटलाय, सून म्हणते बाबूजी, दार लावा. आणि ठेवताना म्हणाला, पुढच्या वर्षी विचारल्याशिवाय काही पाठवू नकोस, मला कदाचित भोपळा हवा असेल. फोन ठेवला आणि हात पुसायचा मी विसरलो.

तुमची नातवंडं कॅनडात हायत, त्यांना बर्फ काय तो सांगायला नको. त्यांच्या घरात ऊब राहो, पाणी तापत राहो, एवढंच माझं त्यांना सांगणं. आणि पुढच्या वर्षीची पहिली पेटी रितीप्रमाणं त्यांचीच हाय, जाईल कशी ते तुम्ही बघा, भरीन मी. पण आधी फोन करून विचारा वयनी. आंबे न्हाय म्हणाले तरी वाईट वाटून घेऊ नका. काय हवं ते सांगू द्या, मी ते बांधून देतो.