पाणीवाले टॉलिव्हर यांना निरोप देताना

आदरणीय अध्यक्ष रेव्हरंड कार्टराइट, प्रमुख पाहुणे पोस्टमास्तर मिस्टर डनवूडी, महिला समितीच्या भगिनी, किल्ल्यावरून आवर्जून आलेले आजी-माजी शिपाई, आजचे सत्कारमूर्ती ब्रदर प्राइमस टॉलिव्हर, आणि या चर्चच्या छताखाली दाटीवाटीनं बसलेल्या माझ्या माणसांनो,

दोन शब्द गोड बोलावेत आणि बसावं, असं मला समितीनं बजावलं आहे. प्रयत्न करते. पण माझी उमर पलटणीचे कपडे धुण्यात गेली आहे, तेव्हा थोडं आपटणं-पिळणं होणारच. सांभाळून घ्या.

माझ्या आधीच्या वक्त्यांनी टॉलिव्हर यांचा उचित गौरव केला. खेचरांच्या गाडीतून नदीचं पाणी त्यांनी वर्षानुवर्षं आपल्या दारात आणून दिलं, हे खरंच. आता गावात नळ आले, त्यांच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरला, आणि आज ते 'विश्रांतीसाठी' जात आहेत, असं पत्रिकेत छापलं आहे. विश्रांती! काउंटीच्या सरकारी गरीबघराला विश्रांती म्हणतात, हे मला नव्हतं माहीत. तिथं आंधळ्या म्हाताऱ्यांनाही कापूस वेचायला रांगेत उभं करतात... हो रेव्हरंड, आवरतं घेते.

पण तरुण मंडळींना प्रश्न पडत नाही का? ज्यानं ऐन उमेद खोगिरावर घालवली, त्या माणसाला पेन्शन का नाही? जुन्या शिपायांच्या आश्रमात जागा का नाही? कारण सरकारदरबारी त्यांच्या नावापुढं 'पळपुटा' असं लिहिलेलं आहे. ते पळाले कुठं, हे आज ऐका.

माझे यजमान गिडियन प्रुइट आणि हे टॉलिव्हर एकाच तुकडीत. दोघंही गुलामीतून सुटून थेट घोडदळात आलेले, दोघांचे घोडे तबेल्यात शेजारी-शेजारी. हे टॉलिव्हर तेव्हा फार चेष्टेखोर होते बरं का! मला म्हणायचे, "वहिनी, गिडियनच्या विजारीला एवढी खळ नका घालू. घोड्यावर बसताना मोडेल हो तो मधोमध!"

एका जुलैत तुकडी गुरंचोरांच्या मागावर पठारावर गेली. तुम्ही ते पठार पाहिलं आहे. झाड नाही, टेकडी नाही, खूण नाही. वाटाड्या पाणी शोधायला म्हणून पुढं गेला तो परतलाच नाही. बाटल्या रिकाम्या झाल्या. माणसांच्या जिभा सुजल्या, घास गिळेना. घोडे कोसळले की शिपाई त्यांच्या नरड्याला सुरी लावून रक्त पीत, आणि रक्तानं तहान आणखी भडके. कप्तानसाहेब मात्र आग्नेयेलाच चला म्हणत होते.

टॉलिव्हर पुढं झाले. "साहेब, तळं मागं राहिलं. माझी घोडी सारखी तिकडं मान वळवतेय."

"घोडीच्या अकलेनं पलटण चालत नाही. रांगेत राहा."

"रांग उरलीय कुठं, साहेब? माणसं पडतायत."

"रांग सोडलीस तर पळपुटा ठरवीन तुला!"

माझा गिडियन तेव्हा पडलेल्यांतच होता. त्याला नीट बोलता येत नव्हतं. त्यानं गळ्यातली बाटली काढून वर धरली. "माझीपण ने, प्राइमस," एवढंच म्हणाला. टॉलिव्हरनी सांगितलं, "आणतो. तू फक्त थांब." आणखी मिळतील तेवढ्या बाटल्या गळ्यात अडकवून यांनी घोडी वळवली.

घोडी जमेल तितकी चालली आणि गुडघ्यांवर बसली. तिचं पुढं काय केलं, हे सांगताना टॉलिव्हर आजही गप्प होतात, म्हणून मीही सांगत नाही. तिथून पायी, आणि शेवटी हातापायांवर रांगत ते तळ्याला पोचले. पोटभर प्यायले. बंधूंनो, तिथं त्यांच्यावर पहारा नव्हता. पळायचंच असतं तर पाणी होतं, मोकळा मुलूख होता. भरलेल्या बाटल्या गळ्यात घालून हा माणूस त्याच वाळवंटात परत शिरला! वाटेत पडलेल्यांच्या तोंडात थेंब थेंब सोडत गेला. त्यांतले दोघं आत्ता तुमच्यात बसले आहेत. पुढं टॉलिव्हरवर खटला चालला, तेव्हा त्यांनी लष्करी न्यायालयात हे सगळं सांगितलं होतं. काळ्या शिपायाची साक्ष गोऱ्या कप्तानाविरुद्ध कोण धरणार?

गिडियन खोगिराच्या सावलीत डोकं घालून पडला होता. गेला होता. तोंडात माती भरलेली. टॉलिव्हरनी बोटानं ती काढली आणि त्याची बाटली त्याच्याच तोंडात रिकामी केली. मी पुढं एकदा रागानं विचारलंसुद्धा, "अहो, मेलेल्या माणसाला कशाला पाजलंत? जिवंतांना तरी पुरलं असतं!"

म्हणाले, "जिवंतांना देऊन झालं होतं, वहिनी. ती त्याची बाटली होती."

पुढं टॉलिव्हरना पळपुटा ठरवून त्यांच्या गणवेशावरची बटणं तोडली, तुरुंगात टाकलं. सुटल्यावर ते याच गावी आले आणि पाण्याची गाडी धरली. गिडियन कामगिरीवर मेला म्हणून मला विधवेचं पेन्शन लागलं. यांना काहीच नाही.

गेल्या आठवड्यात मी त्यांच्या झोपडीत गेले. म्हटलं, "माझी मागची खोली रिकामी आहे. गरीबघरात नाही जायचं."

"वेड लागलंय का, वहिनी? विधवेच्या घरात परका पुरुष राहिला की पेन्शन बंद. कायदा आहे तसा."

"मग मी इस्त्र्या करीन."

"या हातांनी? इस्त्री उचलवते का तुम्हाला? गिडियनचं तेवढंच उरलंय तुमच्याकडे. ते माझ्यापायी घालवलंत तर त्याला काय तोंड दाखवू? जाऊ द्या मला."

मी विनवलं, रडले, भांडले. ऐकेनात. या वयात माणूस तिथं गेला की परत येत नाही, हे आपण सगळे जाणतो आणि तरी इथं पीच फळाची 'पाय' मिठाई कापून ठेवली आहे!

माफ करा. समितीच्या भगिनींनी फार मायेनं केली आहे ती.

मिस्टर डनवूडी, तुम्ही खाली का पाहताय? तुमचा काय दोष? आज सकाळी मी यांच्या पोस्टातल्या पेन्शनच्या खिडकीशी गेले आणि सांगितलं, प्राइमस टॉलिव्हर आजपासून माझ्या घरी राहतात. त्यांनी मला दोनदा समजावलं, "मिसेस प्रुइट, हे मला वर कळवावं लागेल. एकदा गेलं की परत मिळणार नाही." मी म्हटलं, कळवा. माझ्यादेखत तार गेली.

टॉलिव्हर, मान हलवू नका. पेन्शन गेलं. तुम्ही आलात तरी गेलं आणि नाही आलात तरी गेलं. आता तुम्ही गरीबघरात जाऊन माझं काय वाचणार आहे? फक्त मी घरात एकटी उरेन.

अध्यक्षमहाराज, वेळ दिलात, आभारी आहे. निरोपाच्या सभेत निरोपच मोडला, समितीचा मान राखला नाही, कुणाला लागलं असेल तर म्हातारीचं बोलणं म्हणून पोटात घाला.

टॉलिव्हर, या व्यासपीठाच्या पायऱ्या उंच आहेत आणि माझे गुडघे धरलेत. जरा हात द्या. इकडं, आवाजाच्या दिशेनं... हं. धरा घट्ट. चला.