चार पेल्यांचा आदेश

...आणि वर मलाच विचारतात, "काका, हे तुम्हाला सांगितलं कुणी?" तुम्हाला सांगतो, सदतीस वर्षं कारकुनी केली, वरून कागद आल्याशिवाय काडी हलवली नाही, आयुष्यात एकदाच स्वतःच्या डोक्याने काम केलं, तेही बायकोच्या मूत्रपिंडावर!

झालं काय, हिच्या पाठीत कळ. सोनोग्राफीचा रिपोर्ट शुक्रवारी आला, डॉक्टर भेटणार सोमवारी. मधले दोन दिवस माणसाने काय नखं खायची? मी जाडजूड वैद्यकीय शब्दकोश काढला. रिपोर्टात लिहिलेलं, 'हायड्रोनेफ्रोसिस'. हायड्रो म्हणजे पाणी. संपला विषय!

पण संपतो कुठला? त्याच पानावर हायड्रोसेफॅलस, डोक्यात पाणी. हायड्रोथोरॅक्स, छातीत पाणी. हायड्रोसील... ते कुठे, हे चारचौघांत सांगत नाही. आणि हायड्रोफोबिया, तर पाणी कुठेच नाही, नुसती पाण्याची धास्ती! अहो, एका शब्दाने किती खात्यांत बदल्या घ्यायच्या?

अशा वेळी कारकून काय करतो? जुना दाखला शोधतो. दाखला घरातच होता: हिचा भाऊ. गेल्या वर्षी त्याच्या छातीत पाणी झालं, तेव्हा डॉक्टरांनी बजावलं होतं, दिवसाला चार पेले, वर थेंब नाही. मग? तिथेही हायड्रो, इथेही हायड्रो. तोच आदेश हिला लागू! मी हिच्या उशाची पाण्याची बाटली उचलली आणि कपाटात कुलूपबंद केली.

"अहो, घशाला कोरड पडलीय, घोटभर तरी द्या!"

"चार पेले झाले तुझे. आता उद्या."

"मी काय खिडकीतली कुंडी आहे?"

"तुझ्यात पाणी साठलंय. हायड्रो म्हणजे पाणी. संपला विषय!"

खात्रीसाठी मेहुण्याला फोन लावला, तर तो म्हणतो, "दाजी, अगदी बरोबर! ताईला तर तीनच द्या!"

रविवारी दुपारी अशी कळ उठली, की ही चादर मुठीत आवळून बसली आणि बोलेनाशी झाली. ही बोलायची थांबली! तसाच गाडी करून दवाखान्यात. तिथली डॉक्टरीण वयाने माझ्या धाकट्या मुलीएवढी.

"काकू, पाणी किती पिता?"

हिने नुसतं माझ्याकडे बोट दाखवलं. मीच सांगितलं, "चार पेले. सक्त!"

"काका, हे तुम्हाला सांगितलं कुणी?"

"कुणी कशाला? हायड्रो म्हणजे..."

"अहो, लघवीच्या वाटेत खडा अडकलाय म्हणून ते पाणी मागे मूत्रपिंडात तुंबलंय! खडा बारीक आहे, पडेल, पण त्याला पाणी नको का?"

"पण मेहुण्याच्या छातीत पाणी झालं, तेव्हा त्याला चारच पेले..."

"त्यांचं हृदय थकलं असेल! तुम्ही नोकरीत काय बघायचात?"

"आवक-जावक."

"मग इथे अडकलीय जावक, आणि तुम्ही बंद केलीत आवक! असंच चालू राहिलं असतं, तर मूत्रपिंड हातचं गेलं असतं."

सदतीस वर्षांत एकाही साहेबाने मला इतकं थोडक्यात झापलं नव्हतं. बाहेर येऊन आधी हिच्यासाठी पाण्याची बाटली विकत आणली...

खडा आठव्या दिवशी पडला. मूत्रपिंड शाबूत, ही ठणठणीत. पण त्या रविवारी दवाखान्यातून निघताना डॉक्टरीणबाईंनी चिठ्ठी दिली होती: 'पाणी भरपूर. यजमानांचा सल्ला बंद.' खाली सही, शिक्का. हिने ती फ्रिजवर चिकटवलीय. आता आमटीत मीठ कमी आहे म्हटलं, तरी ही तिकडे बोट दाखवते. तोंडी असतं तर भांडलो असतो हो... पण लेखी आदेशापुढे कारकून काय बोलणार?