बुवाची उदबत्ती

जन्म माझा धर्माबादचा, पन वाढलो मी तंबूत. टुरिंग टाकीज हो, जत्रंजत्रंला फिरायचं, तिथं मी मशीन चालवायचो. उस्ताद माझे म्हातारे, त्यांनी जवानीत मुके सिनेमे दाखवलेले. तसल्या एका पिच्चरची तुटकी पट्टी होती त्यांच्यापाशी. उजेडाला धरून म्हनायचे, बघ बेटा, या चौकटीत खुर्ची रिकामी, पुढच्या चौकटीत देव बसला. मधी काय झालं? कॅमेऱ्याचं हँडल थांबवलं, नटाला बसवलं, परत फिरवलं. पन तवर बाकी सगळं जिथल्या तिथं पाहिजे, जरा बदललं की गचका दिसतो. आन लोकं, काय सांगू तुम्हाला, तंबूत उठून पाया पडायचे.

माझी धाकटी बहीण शकू, लातूरला राहती. तिला साखरेची बीमारी, रोज इन्सुलिनची सुई. औंदा तिच्या गल्लीत एका बुवाचा व्हिडिओ फिरला. रिकामा पाट, आन एकदम बुवा प्रगट. म्हनतो, सुई सोडा, अंगारा घ्या. हिनं सोडली. तिसऱ्या दिवशी भाचीचा फोन, मामा, आई उलट्या करून राहिली, दवाखान्यात चल म्हनलं तर अंगावर येती. मी आता मुदखेडला ऱ्हातो, तिथून निघालो तसा जीव नुसता टांगनीला, एश्टी हालंना, मी हालून राहिलो.

शकू भिंतीला टेकलेली, ओठ वाळलेले. म्हनली, दादा, सुईचं नाव काढायचं असंल तर तसाच वापस जाय. म्हनलो, न्हाई काढत, तुझा बुवा तर दाखव.

एकदा बघितला, दोनदा बघितला. तिसऱ्यांदा गचका घावला. पाटाजवळची उदबत्ती बुवा यायच्या आधी वीतभर, बुवा आला की बोटभर. म्हनलो, शके, एका क्षणात येवढी जळती व्हय गं? तर म्हनती कशी, देवाचं तेज हाय, जळंल.

मंग मोबाइल डब्याला टेकवून ठिवला. म्हनलो, मी खुर्चीत बसतो, तू शूटिंग चालू कर. आता थांबव. मी उठून दाराबाहेर गेलो, वरडलो, कर परत चालू! मंग तिला दाखवलं. मी बसलेलो, आन पापनी लवायच्या आत गायब. तिच्याच बोटानं.

तिनं बुवाचा व्हिडिओ परत लावला, उदबत्तीवर बोट ठिवलं. मंग म्हनली, मेल्यानं उदबत्ती बी नवी लावली न्हाई. आन भाचीला म्हनली, ती सुई घेऊन ये, अन् ऑटो बोलाव.

चार दिवस दवाखान्यात होती. आता रोज सुई घेती. मी गल्लोगल्ली ही युक्ती दाखवून राहिलो, तर बुवाची मानसं म्हनतात, म्हाताऱ्या, पाय मोडू. शकू धडधाकट राहू द्या बापा, पाय मोडायचे तर मोडू द्या.