रिबेइराचा स्तब्ध बाजार

एर्मिनियो : ...पाट्या सोळा, कोळिणी सोळा, गिऱ्हाइकं चाळीसेक, बैलगाड्या दोन, मांजर एक. रिबेइराचा अख्खा बाजार समोर आहे आणि एकही जण हलत नाही! मावशी, तुम्ही तरी हला.

क्वितेरिया : फोटो काढताना कुणी हलतं का?

एर्मिनियो : हा फोटो नाही. हलणारं चित्र आहे! नाट्यगृहाच्या मालकांना पोर्तोचं रोजचं जगणं हवंय. मासे विका, भांडा, शिव्या घाला.

क्वितेरिया : या शालीत? आणि तूच म्हणालास ना, रीळ ब्राझीलला जाणार.

एर्मिनियो : मालकांना पसंत पडलं तर.

झुल्मिरा : तिचा जुआकिं तिकडे बेलेंला आहे. नऊ वर्षं झाली आईला बघून. म्हणून तर लग्नातली शाल निघालीय.

क्वितेरिया : झुल्मिरा, तोंड मीट. आमचे हे फोटोच्या ऐन वेळी शिंकले. तेव्हापासून भिंतीवर बिनचेहऱ्याचा नवरा टांगलाय. पोराला आई तशी दिसायला नको.

एर्मिनियो : यात चेहरा पुसला जात नाही हो, शपथ! एकच रीळ उरलंय, पन्नास सेकंदांचं. काही हललं नाही तर मालक ते फेकून देतील. पाठोपाठ मलाही.

क्वितेरिया : फिरव तुझ्या त्या कॅमेऱ्याचा दांडा. तू हलतोयस तेवढं पुरे.

एर्मिनियो : फिरवतोय! विका! ओरडा! अहो मावशी, मांजर! तुमच्या पाटीत शिरलं!

क्वितेरिया : दिसतंय. मला बोलायला लावू नकोस, ओठ हलतात.

एर्मिनियो : हाकला की त्याला!

क्वितेरिया : आधी तुझं होऊ दे.

झुल्मिरा : अगं, मोठ्या तारल्या निवडून खातंय.

क्वितेरिया : खाऊ दे. तू पुढे बघ.

(आठवड्यानंतर, नाट्यगृहाच्या मागच्या दाराशी.)

क्वितेरिया : काय म्हणाले मालक?

एर्मिनियो : आधी जांभया दिल्या. मग हसता हसता खुर्चीवरून घसरले. तीनदा दाखवायला लावलं. परवाच्या बोटीनं जातंय.

क्वितेरिया : बेलेंला?

एर्मिनियो : बेलेंला.

झुल्मिरा : माझं नाक आलंय ना नीट?

एर्मिनियो : आहे तेवढं सगळं आलंय.

क्वितेरिया : आणि माझा चेहरा?

एर्मिनियो : पहिल्यापासून शेवटपर्यंत स्वच्छ. पापणीसुद्धा हलली नाही.

क्वितेरिया : मग हललं काय?

एर्मिनियो : एक मांजर. अकरा तारल्या.