पार्क फी, आणि तीही माझ्या खात्यातून!

…नाही, पण मी म्हणते, पार्क फी? माझ्या खात्यातून? अहो, मी बागेत शेवटची कधी गेले ते मलासुद्धा आठवत नाही, आणि बँकेला बरं आठवतं! आणि एकदा नाही हं, दर महिन्याला! स्टेटमेंट उघडलं तर दुकानाचं वीजबिल, वाफेच्या मशीनचा हप्ता, पेट्रोल… म्हणजे कपडे धुवायचं पेट्रोल, आमचं ड्रायक्लीनिंगचं दुकान आहे… आणि मधेच ही पार्क फी, बिनबोलावता जेवायला आलेल्या पाहुण्यासारखी! सोडून देणारी सोडून देईल हो, पण मी? मी काय दुधखुळी आहे?

आमचे हे पलीकडे इस्त्री करत होते. म्हटलं, "अहो, ही पार्क फी कसली?" तर हे शर्टाची कॉलर दाबत म्हणतात, "पार्किंगची असेल." पार्किंगची! आपल्याकडे गाडी आहे? म्हणतात, "सायकल आहे ना." आता सायकलीला कोण पार्किंग घेतं, आणि ती सायकल पंक्चर होऊन मागच्या मोरीत उभी, म्हणजे आमच्याच मोरीत आमच्याच सायकलीचं भाडं! मी फक्त बघितलं यांच्याकडे. हे पुढच्या शर्टाकडे वळले. तुम्हाला सांगते, हा माणूस अडचणीत आला की इस्त्री फार मन लावून करतो.

मग मी बँकेला फोन लावला. आधी ते संगीत… ते संगीत ऐकून माणूस तक्रारच विसरावा अशी योजना असते ती, मला ठाऊक आहे, मी काय दुधखुळी आहे? मी धरून बसले. शेवटी एक मुलगी आली, गोड आवाजाची. "मॅडम, हा खर्च आपल्या दुसऱ्या कार्डावरून झालाय." दुसरं कार्ड? आणि मग डोक्यात लख्ख! दुसरं कार्ड म्हणजे आईचं! आई माझ्याकडेच राहते, तिला औषधं घ्यायला म्हणून मीच ते काढून दिलं होतं. आणि आई तर घराबाहेर पडतच नाही! मागच्या वर्षी न्हाणीघरात घसरली, तेव्हापासून मी तिला भरलेला तांब्यासुद्धा उचलू देत नाही. उठायला लागली की मी, "आई, बस." चालायला लागली की मी, "आई, बस." दुपारी आम्ही दोघं दुकानात, ती घरात झोपलेली. मग बागेत कोण जातंय?

घरी येऊन बघितलं, तर कार्ड आईच्या उशाखालच्या पाकिटात जिथल्या तिथं! आई म्हणाली, "काय शोधतेस गं?" म्हटलं, "काही नाही, तू बस." म्हातारीला कशाला घोर लावायचा? पण मला उलगडा झाला होता. हल्ली कार्डाची नक्कल करतात! त्या गोड आवाजाच्या मुलीला परत फोन लावला, म्हटलं, आधी कार्ड बंद कर. आणि इतर वेळी साधा पत्ता बदलायला महिना लावणारी बँक… मी फोन खाली ठेवायच्या आत कार्ड बंद!

आता दुसरी कुणी असती तर एवढ्यावर थांबली असती. मी म्हटलं, चोराला बघणार. दर महिन्याला पैसे भरतो म्हणजे पासवालाच, रोज येत असणार, सापडणारच की! दुसऱ्या दिवशी दुपारी यांना म्हटलं, "तुम्ही दुकान बघा, मी चोर पकडून येते." हे म्हणाले, "येताना हँगर आण."

बाग आमच्या रस्त्याच्या टोकालाच आहे, बसथांब्याच्या पलीकडे. खिडकीत तिकीटवाले बसलेले, जाड भिंगाचा चष्मा, चहाचा पेला. त्यांना म्हटलं, "कार्डावर महिन्याचा पास कोण कोण काढतं?" तर म्हणतात, "दोनच पास आहेत बाई तसले. एक त्या कुत्रेवाल्या वकीलबाईंचा, आणि एक कॅप्टनचा."

कॅप्टन!

अहो, माझ्या डोळ्यांपुढे माणूस उभा राहिला! उंच, पीळदार मिशा, गळ्यात रुमाल… म्हातारीच्या औषधाच्या कार्डावर हवा खाणारा! म्हटलं, "कुठंय हा कॅप्टन?" "आत्ता? आत्ता तळ्यात असणार. पासात होडी धरून असते ना." होडी! म्हणजे नुसती हवा नाही, माझ्या पैशानं जलविहार!

मी जी निघाले ती पदपथ सोडून सरळ गवतातून. तळ्याच्या काठाला पोचले, तर मधोमध एक होडी, वल्ही अशी लयीत पडतायत, आणि पाठमोरी एक आकृती, अंगात नारिंगी जाकीट, डोक्यावर टोपी. मी कमरेवर हात ठेवले आणि दुकानात मशीन चालू असताना ओरडते तशी ओरडले, "ओ कॅप्टन! या बाहेर! बघते मी तुम्हाला!"

होडी थांबली. एक वल्हं पाण्यात रोवलं गेलं, दुसरं फिरलं, आणि होडी अशी झोकात वळली… आणि जाकिटाच्या खालून स्वेटरची बाही दिसली. तपकिरी. कोपरावर रफू. अहो, रफू मी केलेला! त्याच बाहीवरचा हिरवा डाग मी मागच्या आठवड्यात काढला होता, आणि "भाजी निवडताना लागला" म्हणाली होती ती. शेवाळ होतं ते, शेवाळ! डाग ओळखण्यावर माझं पोट चालतं, आणि मी भाजी म्हणून धुतला!

मी किंचाळले, "आई! उठू नकोस!"

तिथून आवाज आला, "उठतेय कुठं? बसूनच चालवतात ही."

काठाला आली. रडू येत होतं आणि रागही, दोन्ही एकदम. म्हटलं, "पडली असतीस तर? बुडली असतीस तर? मला सांगायचं तरी!" तर शांतपणे म्हणते, "सांगितलं असतं तर काय म्हणाली असतीस?" मी 'बस'च म्हणाले असते.

मग म्हणाली, "हे बघ, घरी बसले की मी बसलेलीच असते. इथं बसले की कुठंतरी जाते." एवढंच. आणि मला म्हणते, "ये."

गेले. जाकीट घालून गेले. होडी अशी काही डुलली की मी दोन्ही हातांनी कडा धरल्या आणि डोळे मिटले. "डोळे उघड," आई म्हणाली, "आणि बोलू नकोस, तोल जातो." मी गप्प! यांना सांगितलं तर विश्वास बसणार नाही. उघडले डोळे. आई वल्हवत होती. ज्या हातांना मी तांब्या उचलू देत नव्हते ना, ते हात पाणी मागं ढकलत होते, सावकाश, न थांबता, आणि तिचा श्वाससुद्धा फुलला नव्हता. माझाच फुलला होता. बदकं बाजूला होत होती तिला बघून. किती वेळ मी तिच्याकडे बघत राहिले कोण जाणे… एवढं नीट मी तिला घसरल्यापासून बघितलंच नव्हतं. फक्त जमिनीकडे बघत होते, ओली आहे का म्हणून.

परत आलो तर तिकीटवाले धावत काठावर! "कॅप्टन, तुमचं कार्ड चालेना, पुढच्या महिन्याचा पास होत नाहीये." आई माझ्याकडे बघायला लागली. तिकीटवाले माझ्याकडे बघायला लागले. म्हटलं, "काहीतरी बँकेची गडबड असेल." मग मीच रांगेत उभी राहिले आणि रोख भरून पास काढला. स्वतःच्या हातानं! मी काय दुधखुळी आहे? आहे बहुतेक.

संध्याकाळी दुकानात येऊन यांना सगळं सांगितलं, अगदी रडत रडत. हे इस्त्री बाजूला ठेवत म्हणतात, "अगं, इस्त्रीच्या टेबलावरून रोज दिसतात त्या बागेकडे जाताना, मला वाटलं तुला माहितेय." आणि वर, "हँगर आणलेस?"

आता ठरलंय. एकटं जायचं नाही, मी सोबत जाणार, ही माझी अट. आईनं मान्य केली. तिचीही एक अट… होडीत मी नको. मी कडा धरते, मी दचकते, माझ्यामुळे बदकं बिचकतात. म्हणून रोज दुपारी दुकान यांच्यावर टाकून मी तळ्याच्या काठावर बसलेली असते. परवा त्या वकीलबाईंनी विचारलं, "या होडी चालवतात, तुम्ही काय चालवता?"

म्हटलं, "मी? मी कॅप्टनच्या चपला सांभाळते."