एका ओळीची नोंद

काका: तुमच्या यादीत माझ्या धाकटीचं नाव आहे. आडनावासकट. पुढे काय लिहिलंय ते मी तोंडाने उच्चारणार नाही.

बाई: बसा ना, काका. सकाळी तुमचाच अर्ज आला होता ना?

काका: माझाच. ‘मजकूर कायमचा नष्ट करावा.’ त्याची ही सहीची प्रत. पोरगी स्कूटरवरून पडून गेली, त्याला नऊ वर्षं झाली. परवा मोठीच्या लेकीला शाळेत घरातल्या माणसांची माहिती लिहून न्यायची होती. तिने मावशीचं नाव इंटरनेटवर टाकलं, तर सगळ्यात वर तुमचं ग्रंथालय! अकरा वर्षांची आहे ती. मला विचारते, आजोबा, मावशीला हे लोक असं का म्हणतात?

बाई: ते आमचे शब्द नाहीत, काका. इंटरनेटवर एक फोरम होता, लोकांनी चर्चा टाकायची जागा. अपघातात गेलेल्यांचे फोटो टाकायचे आणि खाली खिदळायचं, एवढाच त्याचा उद्योग. बंद पडून सहा वर्षं झाली. त्याची प्रत आम्ही जपलीय. ती कुलपात असते, बाहेर दिसते फक्त यादी.

काका: उकिरडा जपता? वर त्याची यादी करता?

बाई: उद्या कुणी म्हणू नये, असं काही घडलंच नव्हतं.

काका: सहा वर्षं तो कुणाला सापडत नव्हता. तुम्ही बोट धरून नेऊन दाखवलात.

बाई: चूक माझी आहे. आमचा नियम असा, की प्रत्येक चर्चा पूर्ण वाचायची आणि तिची नोंद आपल्या शब्दांत करायची, एका ओळीत. पहिल्या चाळीस मी केल्या. मग वाचवेना. डबा उघडला की तेच डोळ्यांपुढे. घरी गेल्यावर कोपरापर्यंत हात धुवायचे मी. शेवटी उरलेल्या चर्चांची त्या फोरमवाल्यांनी दिलेली शीर्षकंच यादीत ओतली. न वाचता.

काका: म्हणजे किळस तुम्हाला आली आणि भोगली माझ्या नातीने.

बाई: हो.

काका: निदान खोटं तरी बोलत नाही. आता वाचलंत?

बाई: आज सकाळी. सगळं.

काका: फुलांचं आहे का त्यात?

बाई: काका, राहू द्या ना ते.

काका: आहे का?

बाई: आहे.

काका: ती गेल्यावर घरी पांढरी फुलं आली होती. चिठ्ठीवर ‘एक हितचिंतक’. आमच्या हिने आठ दिवस त्यांचं पाणी बदललं. समोर एक जण मोबाइल धरून उभा होता, तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली होती.

बाई: त्याने काढलेला फोटो आहे. काकू दारात, हातात फुलं. आणि खाली हसलेत.

काका: किती जण?

बाई: दोनशे चौदा.

काका: थू! माणसं म्हणायची यांना? ही अजून म्हणते, एवढ्या सगळ्यांत एक तरी भला माणूस निघाला. पुसून टाका ते. आत्ता, माझ्यासमोर.

बाई: तुम्ही म्हणाल तर आजच साहेबांच्या सहीला पाठवते. फक्त एक ऐका, मग ठरवा. याच चर्चेसाठी, याच फॉर्मवर, गेल्या महिन्यात तीन अर्ज आलेत.

काका: आमच्याकडून कुणी नाही केला.

बाई: त्या दोनशे चौदांपैकी तिघांनी केलेत. यादी पाहून धाबं दणाणलंय त्यांचं. एक लिहितो, तेव्हा वय लहान होतं, आता मी मुलाबाळांचा माणूस आहे, झालं गेलं पुसून टाकावं.

काका: फुलंवाला आहे त्यात?

बाई: तोच हा.

काका: म्हणजे मी आणि तो एकाच रांगेत?

बाई: एकाच फाइलमध्ये. तुमचा अर्ज चौथा.

(काका टेबलावरची प्रत उचलतात, तिच्या चार घड्या घालतात आणि खिशात ठेवतात.)

काका: शिसारी आली, बाई. माझ्याच सहीची शिसारी आली. सकाळचा अर्जही काढून टाका. राहू दे तो उकिरडा तुमच्या कुलपात. हिला कळता कामा नये, पण राहू दे. त्याला नाही पुसू द्यायचं. पोरीचं नाव तेवढं काढा.

बाई: नाव मघाशीच काढलं. इंटरनेटवर दिसायचं थांबायला दोन-चार दिवस लागतील. बाकीच्यांचीही काढते आता, एकेक वाचून.

काका: त्या जागी काय लिहिणार? मी पाट्या रंगवतो, चाळीस वर्षं झाली. पाटी कधी कोरी टांगत नाहीत.

बाई: एक ओळ, माझ्या शब्दांत. हे बघा, ‘अपघातात गेलेल्या एका तरुणीविषयी केलेली...’

काका: थांबा. तिला उलटी अक्षरं काढता यायची. काचेवर आतून नाव रंगवायचं असलं की मी तिलाच न्यायचो. हे आहे का त्यात?

बाई: नाही.

काका: मग ते तिच्याविषयी नाही. खोडा. ‘दोनशे चौदा माणसांविषयी’ असं लिहा.